हंसाचा मोर आणि दिवाणी मामला

ठाणेदारसाहेबांनी माझी तक्रार शेवटपर्यंत ऐकली, चष्मा काढून पुसला, पुन्हा डोळ्यांवर चढवला आणि म्हणाले, "काका, हे दिवाणी आहे."

"फौजदारी आहे, साहेब," मी म्हणालो.

"दिवाणी."

"फौजदारी."

बाहेरून कोणी ऐकलं असतं तर त्याला वाटलं असतं, आत वांग्यांचा भाव चालू आहे. पण मी मागे हटणारा नव्हतो. उभी हयात मी पोस्टात काढली. अड्याळच्या लोकांच्या राख्या, नोकरीचे हुकूम, सासरी गेलेल्या लेकींची रडकी पत्रं, सगळं माझ्या हातून गेलं आणि एक पाकीट इकडचं तिकडे झालं नाही. अशा माणसाच्या मालाला हात लावणं हा गुन्हा नसेल, तर मग गुन्हा म्हणतात तरी कशाला?

"बरं, पुन्हा एकदा सांगा," साहेब म्हणाले. "तुमचं नेमकं काय चोरीला गेलं?"

"हंस."

"आणि तो आता कुठे आहे?"

"भैय्यालालच्या गोदामात."

"म्हणजे आहे ना जागेवर! मग चोरीला कुठे गेला?"

"गेला ना, साहेब. आता तिथे मोर आहे."

साहेबांनी पुन्हा चष्मा काढला.

आता तुमचाही साहेबांसारखाच घोटाळा झाला असेल, म्हणून थोडं सांगतो. भैय्यालाल म्हणजे माझा भागीदार. त्याचं तांदळाचं दुकान आणि मागचं रिकामं गोदाम, माझा निवृत्तीनंतरचा रिकामा वेळ आणि भरलेला हुरूप, यातून आम्ही 'आनंद-भैय्या बिछायत केंद्र' काढलं. मांडव, गाद्या, खुर्च्या, कढया, जनरेटर, जे काय लग्नाला लागतं ते आम्ही भाड्याने देतो. दोघं निम्मे-निम्मे. स्टॅम्पपेपरवर करार केला. नोंदणी मात्र केली नाही. "आपसात कायची नोंदणी जी?" असं भैय्यालाल म्हणाला आणि मीही मान डोलावली. या एका वाक्यावर देशातले निम्मे वकील जेवतात, हे मला पुढे कळलं.

हंस ही माझी कल्पना. ट्रॅक्टरच्या जुन्या ट्रॉलीवर बसवलेला फायबरचा पांढराशुभ्र हंस, पाठीवर नवरदेवासाठी लाल गादी, पंखांत दिवे, आणि मान अशी वळलेली की बघणाऱ्याला आपलंच चारित्र्य सुधारल्यासारखं वाटावं. भंडाऱ्याच्या कारागिराकडे मी स्वतः जाऊन बसत असे. "मान अजून जरा नम्र करा," असं मी त्याला सांगत असे, आणि तो बिचारा करतही असे. हा हंस निघाला की गावातले म्हातारे हात जोडत. एकदोघांनी त्याला कुंकू लावलं होतं.

आणि मी नागपूरला बहिणीकडे आठवडाभर काय राहून आलो, तर माझा हंस निळा!

नुसता निळा असता तरी मी सहन केलं असतं. पण भैय्यालालने त्याच्या डोक्यावर तुरा बसवला होता आणि मागे पत्र्याचा भलामोठा पिसारा. त्या पिसाऱ्यावर डोळे काढले होते, तेही सगळे माझ्याकडेच बघत होते. मान मात्र हंसाचीच. लग्नाच्या घाईत चुकून दुसऱ्याचा कोट घालून आलेल्या गृहस्थासारखा तो उभा होता.

"हे काय केलं, भैय्यालालभाऊ?"

"मोर," भैय्यालाल शांतपणे म्हणाला. "लोकं मोर मागून राहिले जी. तुमसरवाल्या बिछायतवाल्यानं मोर आणला. सारे तिकडंच जाऊन राहिले."

"अहो पण मला विचारलं का नाही?"

"तुमाले विचारलं असतं तर तुम्ही नाही म्हटलं असतं."

"अर्थात!"

"म्हणून नाही विचारलं."

या युक्तिवादाला उत्तर नाही. म्हणजे सभ्य उत्तर नाही. जी असभ्य उत्तरं मी दिली ती त्याने व्याजासकट परत केली, आणि दोघांचा आवाज ऐकून मागच्या घरातून त्याची बायको शकुनबाई चहा घेऊन आली. तिने दोघांच्या हातात कप दिले आणि म्हणाली, "भांडा, पण थंडा नका होऊ देऊ." चहाबद्दल म्हणाली, असं मी समजतो.

आमचे शेजारी केशवराव हे तहसील कचेरीत कारकून होते. कायद्याची पुस्तकं त्यांनी वाचली नसली तरी आयुष्यभर ती एका टेबलावरून दुसऱ्या टेबलावर ठेवली होती. ते म्हणाले, "सोडू नका आनंदराव. सरळ चारसौबीस ठोका. संग विश्वासघात. तुम्ही हंस दिला होता त्याच्या भरवशावर. त्यानं मोर केला. भरवशाच्या मालाचं रूप पालटलं. आत जाते तो."

'आत जाते' हे शब्द मला फार आवडले. मी इस्त्रीचा सदरा घालून ठाण्यात गेलो, आणि पुढे काय झालं ते वर सांगितलंच.

पण ठाणेदारसाहेब माणूस समजूतदार. त्यांनी मला खुर्ची दिली, पाणी दिलं आणि कायदा दिला. यातला कायदाच तेवढा घशाखाली उतरला नाही.

"हे बघा काका," ते म्हणाले, "फसवणूक व्हायला पहिल्याच दिवशी मनात खोट असावी लागते. भागीदारी करताना त्यांच्या मनात मोर होता का?"

मी आठवून पाहिलं. तेव्हा भैय्यालालच्या मनात फक्त गाद्या होत्या. "नव्हता," मी प्रामाणिकपणे म्हणालो.

"मग फसवणूक नाही. आता विश्वासघात. तुमची एकट्याची वस्तू त्यांना सांभाळायला दिली आणि त्यांनी गिळली, तर विश्वासघात. इथे वस्तू कोणाची?"

"दोघांची."

"मग स्वतःच्याच वस्तूला रंग दिला त्यांनी."

"निम्म्या वस्तूला द्यायचा होता! मान माझी, शेपूट त्यांची."

"तसं नसतं. भागीदारीची वस्तू चोचीपासून चाकापर्यंत दोघांची असते. वाद असेल तर दिवाणी न्यायालयात जा, हिशेब मागा, भागीदारी मोडा. पोलीस त्यात पडत नाहीत. हां, त्यांनी तुमची खोटी सही मारली, बनावट कागद केले, तर या. मी बसलोच आहे."

"म्हणजे चारसौबीस लागतच नाही?"

"काका, चारसौबीस आता राहिलंच नाही. कायदा बदलला. आता तीनशे अठरा."

हा घाव मात्र खोल गेला. माणसाने संतापून भर बाजारात भागीदाराला 'तीनशे अठरा!' म्हणावं, आणि लोकांनी त्याला खोली नंबर समजावं? सरकारने कायदे बदलताना जनतेच्या शिव्यांचा विचार करायला हवा होता.

घरी आलो. चंद्रकांता, म्हणजे आमची सौभाग्यवती, तांदूळ निवडत होती. तिच्या समोर सूप घेऊन शकुनबाई बसली होती. दोघी मिळून निवडत होत्या, आणि तांदूळ भैय्यालालच्या दुकानातला होता.

"काय म्हणाले ठाणेदार?" चंद्रकांताने विचारलं.

"दिवाणी बाब आहे म्हणाले."

"बरोबर ओळखलं त्यायनं," शकुनबाई सुपातून मान न उचलता म्हणाली. "दोघंही दिवानेच झाले आहेत."

दोघी खूप हसल्या. शत्रूपक्षाच्या बायकोशी हे असलं संधान बरं नव्हे, असं मी रात्रीच्या जेवणाला सुनावलं. तर चंद्रकांता म्हणाली, "तुमची भागीदारी स्टॅम्पपेपरवर आहे. आमची नाही."

पण मी हार मानणारा माणूस नाही. भंडाऱ्याला वरच्या साहेबांकडे गेलो. तिथल्या बाबूने अर्ज वाचला, हंस या शब्दाखाली रेघ मारली, मोर या शब्दाखाली रेघ मारली आणि अर्ज 'योग्य कार्यवाहीसाठी' आमच्याच ठाण्यात पाठवला. जी तक्रार मी एस.टी.ने भंडाऱ्याला नेली, ती माझ्याआधी अड्याळला परत आली. पोस्टात असताना मला हा वेग साधला असता तर राष्ट्रपतीपदक मिळालं असतं. ठाणेदारसाहेबांनी बोलावून घेतलं आणि म्हणाले, "काका, दिवाणी."

शेवटी मी पवनीला वकील गाठला. म्हणजे वकीलबाई. रक्षा मॅडम वयाने माझ्या मुलीएवढ्या, पण बोलणं न्यायाधीशासारखं. त्यांनी करार वाचला आणि म्हणाल्या, "नोंदणी नाही. त्यामुळे बाकी दावे अडतील. पण भागीदारी संपवून हिशेब मागायचा दावा करता येतो. तोपर्यंत त्या वस्तूला कोणी हात लावू नये असा मनाईहुकूमही मागू."

"आणि तोपर्यंत तो मोर तसाच राहणार?"

"तोपर्यंत ती वस्तू जितकी त्यांची, तितकीच तुमची."

"म्हणजे मी ती गोदामातून नेली तर चोरी होत नाही?"

"सहसा चोरी होत नाही. पण काका, तसं करू नका, कारण..."

कारण काय ते मी ऐकलं नाही. काही वाक्यं अशी असतात की त्यांचा पूर्वार्ध ऐकून माणसाने उठावं.

करडीला माझा साळा यादोराव राहतो. त्याच्याकडे ट्रॅक्टर आहे, आणि दुसऱ्याच्या भांडणाची जन्मजात आवड आहे. तो दुसऱ्याच दिवशी ट्रॅक्टर घेऊन हजर झाला. आम्ही भर सकाळी, बाजाराच्या दिवशी, सगळ्यांदेखत गेलो. माझ्याकडच्या किल्लीने मी कुलूप उघडलं. चोर तोंड लपवतो. मी तर उलट टोपी काढून ठेवली, लोकांना नीट दिसावं म्हणून. दुकानातून भैय्यालाल धावत आला.

"काय करून राहिले?"

"माझी वस्तू नेऊन राहिलो."

"माझी पण आहे ती!"

"दिवाणी न्यायालयात जा," मी म्हणालो, आणि ट्रॅक्टरवर चढलो. गेल्या महिन्याभरात मी इतका सुखी झालो नव्हतो.

अड्याळहून करडी म्हणजे भंडारा ओलांडून, वैनगंगा ओलांडून जावं लागतं. ट्रॅक्टरच्या मागे निळा मोर हलत-डुलत येत होता. वाटेत लोक विचारत, "कोणाची वरात?" यादोराव ओरडून सांगे, "जावईबापूंची!" भंडाऱ्याच्या चौकात शाळेच्या मुली हात हलवू लागल्या. मी गंभीर राहिलो. न्यायासाठी लढणाऱ्याने हात हलवायचे नसतात.

यादोरावच्या खळ्यात मोराचा पुन्हा हंस करायचं काम सुरू झालं. पत्र्याचा पिसारा करवतीने कापावा लागला, तेव्हा सगळा पक्षी असा थरथरला की मानेच्या मुळाशी एक चीर गेली. तिच्यावर रंग बसला की दिसणार नाही, असं यादोराव म्हणाला. पण रंगच बसेना. पांढऱ्याचा एक हात दिला, खालून निळं वर आलं. दुसरा दिला, तरी आलं. शेवटी हंस पांढरा झाला, पण निळीचं पाणी जास्त झालेल्या धोतरासारखा. यादोराव म्हणाला, "थंडी वाजून राहिली असं वाटते त्याले."

इकडे गावात बातमी कशी पसरली पाहा. भैय्यालालने ठाण्यात तक्रार दिली की आनंदरावांनी मोर चोरला. ठाण्याबाहेरच्या चहावाल्याने ती पुढे सांगितली की पोस्टमास्तरनं मोर पकडून नेला. पुढे पवनीच्या फाट्यापर्यंत जाईतो मी मोराची पिसं कापली होती. आणि मग करडीच्या खळ्यात एक दिवस खाकी कपड्यातला वनरक्षक उभा.

"मोर हजर करा," तो म्हणाला. "राष्ट्रीय पक्षी आहे. जामीन मिळत नाही."

मी त्याला कापलेला पिसारा दाखवला. त्याने नखाने टिचकी मारली. टण्ण असा आवाज आला. मग त्याने हंसाला चारी बाजूंनी फेरी मारली, पोटाखाली वाकून चाकं पाहिली, चहा घेतला आणि उठताना खिन्नपणे म्हणाला, "माझ्या भाच्याच्या लग्नाले मोर सांगायचा विचार होता. पण तुम्ही तर याचा बदक करून टाकला."

बदक! सरकारी नोकराचा अपमान करणं गुन्हा आहे; सरकारी नोकराने केलेला अपमान बहुधा दिवाणीत बसतो.

मग ठाण्यातून बोलावणं आलं. गेलो तर भैय्यालाल आधीच बसलेला. मागे मला दिली होती त्याच खुर्चीवर. गावातले चारदोन लोक खिडकीशी उभे. आणि खरं सांगतो, त्या खिडकीतल्या तोंडांकडे मला बघवेना. या लोकांची पत्रं मी वाटली. आणि आज ते 'चोर' हा शब्द माझ्या अंगावर कसा बसतो ते बघायला आले होते.

"साहेब, यायनं माझा मोर चोरला," भैय्यालाल म्हणाला. "सारा बाजार साक्षी आहे."

साहेब काही बोलायच्या आत मी उठून उभा राहिलो. "साहेब, चोरी व्हायला वस्तू दुसऱ्याची लागते. ही वस्तू चोचीपासून चाकापर्यंत दोघांची आहे. विश्वासघात नाही, कारण यांनी ती मला सांभाळायला दिली नव्हती. फसवणूक नाही, कारण भागीदारी करताना माझ्या मनात फक्त हंस होता. हा सरळ सरळ दिवाणी मामला आहे. पोलिसांनी यात पडू नये!"

शेवटचं वाक्य जरा जोरात गेलं. खिडकीतलं एक तोंड "वा!" म्हणालं.

साहेबांनी चष्मा काढून टेबलावरच ठेवला. "काका, मी दोन महिने हेच सांगतोय."

"तेव्हा ते माझ्या विरुद्ध होतं," मी म्हणालो.

"म्हणजे याले चोर म्हणता येत नाही?" भैय्यालालचा चेहरा पाहण्यासारखा झाला होता.

"येत नाही. आणि आता दोघंही ऐका. हंस न्या, मोर करा, हत्ती करा, मला देणंघेणं नाही. पण एकमेकांवर हात उगारलात, तर ते मात्र माझ्या खात्यात येतं. मग मी दिवाणी म्हणणार नाही."

आम्ही बाहेर पडलो. भैय्यालाल डावीकडे गेला, मी उजवीकडे. माझं घर डावीकडे आहे, पण इलाज नव्हता. सगळ्या गावाला वळसा घालून घरी पोचलो.

आता यादोरावच्या मुलीचं, टीनाचं, लग्न. टीना म्हणजे आमची लाडकी भाची. लग्न करडीलाच, आणि बिछायत अर्थातच आमच्या केंद्राची, कारण सुपारी भांडणाच्या आधीच दिलेली होती. मी रक्षा मॅडमना फोन करून विचारलं, दावा करायचं ठरलेलं असताना लग्न लावता येतं का? त्या म्हणाल्या, "लग्न टीनाचं आहे, काका. लावा."

तेव्हा मांडव, खुर्च्या, जनरेटर घेऊन भैय्यालाल अड्याळहून आला आणि हंस माझ्या ताब्यात खळ्यात होता. दिवसभर आम्ही एकाच मांडवात दोन देशांचे राजदूत असल्यासारखे वावरलो. मला खुर्च्या हलवायच्या असल्या तर मी हवेला सांगे, "इकडे गर्दी फार होते." मग हवा भैय्यालालला सांगे. त्या दिवशी हवेने पुष्कळ काम केलं.

दिवस कलला. नवरदेव भूपेंद्र मारुतीच्या देवळाजवळ पोचला. तिथून त्याला हंसावर बसवून मांडवात आणायचं. मी हंस देवळासमोर उभा केला, वायर मागच्या जनरेटरच्या गाडीकडे नेली आणि हवेला म्हणालो, "लाईट द्या."

"मोर असता तर देला असता," भैय्यालाल हवेला म्हणाला.

"जनरेटर भागीदारीचा आहे!" मी हवेला बाजूला सारलं.

"जनरेटर भागीदारीचा. डिझल माझं."

वाजंत्री थांबली. वऱ्हाड थांबलं. कायद्याचा असा बारकावा भल्याभल्या वकिलांना सुचला नसता, हे मला मनातल्या मनात कबूल करावं लागलं. आणि तेवढ्यात कोणाचा तरी धक्का लागला, कर्रर्र असा आवाज झाला आणि हंसाची मान खाली आली. चीर मोठी झाली होती. त्या नम्र मानेने आता सगळ्या वऱ्हाडासमोर साष्टांग नमस्कार घातला होता.

नवरदेवाच्या बाजूचे लोक कुजबुजू लागले. अपशकुन हा शब्द मला ऐकू आला. यादोराव पांढराफटक पडला. आणि गर्दीतून त्याची बायको बेबीबाई पुढे आली. हळदीने माखलेले हात, डोक्यावरचा पदर घसरलेला. ही बाई माझ्याशी कधी मोठ्याने बोलली नव्हती.

"जावईबापू," ती म्हणाली, "तुमचं दिवानी का फौजदारी, ते तुमी उद्या पाहा. माह्या लेकीचा नवरदेव काळोखात येईन का? आन् भैय्यालालभाऊ, या पोरीच्या बारशाले तांदूळ तुमच्या दुकानातून आला. आज डिझलवर अडून राहिले?"

भैय्यालालने दोर ओढला. जनरेटर धडधडला, पंखांतले दिवे लागले. मग तो हंसाच्या एका बाजूने वर चढला आणि मानेला खांदा लावला. "लाईट नवरदेवासाठी आहे," तो मला म्हणाला. "तुमच्यासाठी नाही."

"मीही मान नवरदेवासाठीच धरतो," मी म्हणालो, आणि दुसऱ्या बाजूने चढलो.

अशी ती मिरवणूक निघाली. मधे भूपेंद्र, डावीकडे मी, उजवीकडे भैय्यालाल, आणि आमच्या दोघांच्या खांद्यांवर हंसाची मान. बायका दारात येऊन पाहत होत्या. एका आजीने विचारलं, "नवरदेव कोनता आहे यातला?"

"तुमच्याकडून खाली चालली," मी दातांमधून म्हणालो.

"तुमचीच बाजू ढिली. दोन हात रंग देला, पन एक खिळा नाही मारला."

"खिळा तुमच्या पिसाऱ्याने उपटला."

"पिसारा मजबूत होता. कापाले करवत काहून लागली मंग?"

"काका, मी उतरून पायी येऊ का?" भूपेंद्रने हळूच विचारलं.

"बस!" आम्ही दोघं एकदम ओरडलो.

मांडवापर्यंत मान पडू दिली नाही. एवढं मात्र मी कोणत्याही न्यायालयात शपथेवर सांगेन, की भैय्यालालने ती बाजू सोडली नाही. त्याचा खांदा दुखतो, हे मला माहीत होतं. अक्षता पडल्या तेव्हा आम्ही दोघंही खांदे चोळत उभे होतो, एकमेकांकडे पाठ करून.

म्हणजे समेट झाला असं कोणी समजू नये. केशवराव तसंच समजले आणि घरी येऊन "चला, मिटलं एकदाचं" म्हणाले. मी त्यांना उभ्या उभ्या परत पाठवलं. दुसऱ्या आठवड्यात मी पवनीला दावा दाखल केला आणि भैय्यालालनेही वकील दिला. तारखा पडू लागल्या. तारखेला आम्ही एकाच एस.टी.ने जात असू, कारण दुसरी वेळेवर पोचत नाही. तो पुढे बसे, मी मागे. एकदा चंद्रकांता आणि शकुनबाई दोघीही आल्या, कोर्ट कसं असतं ते बघायला. त्यांनी पापडासारख्या धापोड्या आणल्या होत्या, आणि वादी-प्रतिवादी दोघांनी त्या एकाच डब्यातून खाल्ल्या. रक्षा मॅडम म्हणाल्या, यामुळे दाव्याला बाधा येत नाही.

शेवटी आमचा पुकारा झाला. न्यायाधीशसाहेब तरुण होते, पण दावा वाचून थोडे थकलेले दिसले.

"आपसात मिटण्याची काही शक्यता?" त्यांनी विचारलं.

"नाही!" मी म्हणालो.

"बिलकुल नाही!" भैय्यालाल म्हणाला.

"ठीक. मग भागीदारी संपुष्टात आणायची. सगळा माल विक्रीला काढावा लागेल. लिलाव होईल, येईल ते दोघांत वाटून घ्यायचं, आणि आपापल्या वाटेने जायचं."

"लिलाव?" भैय्यालाल पुढे सरकला. "कोण घेईन तो?"

"जो जास्त बोलेल तो. याच धंद्यातलं कोणीतरी घेईल."

तुमसरवाला! आम्हा दोघांच्या डोळ्यांपुढे एकदमच आला. भैय्यालालने गेल्या कित्येक महिन्यांत पहिल्यांदा सरळ माझ्याकडे पाहिलं. आमचा हंस, म्हणजे मोर, म्हणजे जो काय असेल तो, त्या माणसाच्या दारात उभा राहणार, आणि आम्ही दोघं अड्याळच्या एकाच रस्त्यावरून आपापल्या वाटेने जाणार? मग मी भांडू तरी कोणाशी? केशवरावांशी? त्यांना तर माझं सगळंच पटतं.

"हे बघा," न्यायाधीशसाहेब कागद पुढे ओढत म्हणाले, "नोंदीसाठी एवढं स्पष्ट सांगा. प्रतिवादी भैय्यालाल हे तुमचे भागीदार होते, की आहेत?"

रक्षा मॅडमनी मला खूण केली. काय म्हणायचं ते त्यांनी आदल्या दिवशी दोनदा पढवलं होतं. ते मी विसरलो नव्हतो. पण मी सदरा सारखा केला, ताठ उभा राहिलो आणि सगळ्या कोर्टाला ऐकू जाईल असं म्हणालो,

"आहेत, साहेब. नसते तर परक्या माणसाशी मी इतका भांडलो कशाला असतो?"